सिनेमात नसलेली आई

गळ्यावर वस्तरा असताना माणसाने रागावू नये, एवढं शहाणपण सर्वोत्तमरावांना साठी ओलांडता ओलांडता आलं होतं. म्हणून मुरुगेसन न्हावी बोलत राहिला आणि ते छताच्या पंख्याकडे बघत राहिले.

"सार, सगळा सिनेमा एकीकडे आणि तो आईचा सीन एकीकडे," मुरुगेसन म्हणाला. दार कसं उघडतं ते दाखवायला त्याने हात फिरवला. हातात वस्तरा होता. "दार उघडतं. ती पदराला हात पुसत बाहेर येते. इतक्या वर्षांनी आलेल्या पोराला काय विचारते? कुठे होतास? नाही. का आलास? नाही. 'जेवलास का?' बस्स. सार, मी इथेच बसून रडलो. दोन गिऱ्हाइकं अर्ध्या दाढीनिशी खोळंबली होती, तीपण रडली."

"आधी तो वस्तरा बाजूला ठेव."

मुरुगेसनने ठेवला. सर्वोत्तमरावांनी गालावरचा फेस स्वतःच पुसला आणि खुर्चीत वळून बसले.

"माझ्या सिनेमात आई नाही."

"सार थट्टा करतात."

"अरे, ती पहिल्या दृश्याच्या आधीच मेलेली आहे! भिंतीवर हार घातलेला फोटो आहे तिचा, तोही चेहरा दिसू नये अशा उजेडात. आणि शेवटी दार उघडत नाही. मोठा भाऊ बाहेर उभा राहतो, दार बंद राहतं, सिनेमा संपतो."

मुरुगेसनने त्यांच्याकडे करुणेने पाहिलं. कलावंत माणसं अशी थकतात, हे त्याने चेन्नईच्या सिनेमावाल्यांच्या वस्तीत, कोडंबाक्कमच्या त्या गल्लीत दुकान टाकल्यापासून बघितलेलं होतं. "डोक्याला तेल लावून देऊ का, सार?" तो म्हणाला.

पोंगलच्या सणाआधीचा तो शुक्रवार होता. 'कोरडं मिठागर' (तमिळ नाव याहून लांब आहे, आपण एवढंच म्हणू) त्या दिवशी सकाळी चेन्नईपासून कन्याकुमारीपर्यंत लागला होता. दोन भाऊ, एक मिठागर, वाटणीवरून भांडण. पहिला खेळ सुटून जेमतेम दोन तास झाले होते, आणि निम्मा तमिळनाडू सिनेमा पाहून, रडून, हात धुऊन जेवायला बसला होता.

हे कसं झालं ते सांगायला हवं. एके काळी सिनेमाचा चोर म्हणजे लुंगीत कॅमेरा लपवून थिएटरात बसणारा माणूस. त्याच्या प्रतीत पुढच्या रांगेतली डोकी दिसायची आणि ऐन मरणाच्या प्रसंगी कुणीतरी खोकायचं. लोक ती प्रत फोनवर बघायचे. मग दुप्पट वेगाने बघायला लागले. मग अडीच तासांचा सिनेमा दहा मिनिटांत कुणीतरी समजावून सांगायला लागला, कोण मेलं आणि कुणी मारलं, आणि लोक तेवढंच ऐकायला लागले. मग दहा मिनिटंही जड झाली. तेव्हा कानटिकली आली.

कानटिकली म्हणजे कानामागे चिकटवायची एक चकती, कपाळावरच्या कुंकवाएवढी. डॉक्टरांनी ती विसरभोळ्या म्हाताऱ्यांसाठी काढली होती. चांगल्या दिवशी आजोबांच्या आठवणी उतरवून ठेवायच्या, वाईट दिवशी आजोबांना परत द्यायच्या. हेतू इतका पवित्र होता की तिचा दुरुपयोग व्हायला वर्षसुद्धा लागलं नाही. 'सुडसुड' नावाच्या एका वेबसाइटने (तमिळमध्ये सुडसुड म्हणजे गरमागरम) पहिल्या खेळाला टिकली लावलेला माणूस बसवायला सुरुवात केली. तो सिनेमा बघणार, त्याची आठवण उतरवून घेतली जाणार आणि ती घरोघरी वाटली जाणार. त्या माणसाला म्हणायचं साक्षी, आणि त्या आठवणीला साक्षीप्रत. दीड मिनिट टिकली कानामागे गरम व्हायची, की झालं. तुम्ही सिनेमा बघत नसा. तुम्ही तो बघितलेला असे. सरकार दर शुक्रवारी सुडसुड बंद करायचं, आणि दर शनिवारी ती नावातलं एक अक्षर बदलून नव्या उत्साहाने उघडायची.

थिएटरं मात्र बंद पडली नाहीत. लोक आधी साक्षीप्रत घेत आणि मग थिएटरात जात, जसं आरतीला जातात. पुढचं कडवं पाठ असतं म्हणून तर टाळी वेळेवर पडते.

सर्वोत्तमराव यातलं काहीही वापरत नसत. त्यांचे पूर्वज तीनशे वर्षांपूर्वी मराठी राजांबरोबर तंजावरला आले आणि तिकडचेच होऊन गेले. घरात मोडकीतोडकी मराठी टिकली होती. कमवायला तमिळ आणि रागवायला मराठी, अशी वाटणी होती. हल्ली मराठीच जास्त लागायची.

आणि हा सिनेमा त्यांनी तमिळनाडूसाठी काढलेलाच नव्हता. तो एका प्रेक्षकासाठी काढला होता. तो प्रेक्षक कोइंबतूरच्या एका पंपांच्या कारखान्यात इंजिनिअर होता आणि त्याचं नाव मुकुंद होतं. सर्वोत्तमरावांचा एकुलता एक मुलगा.

अकरा वर्षांपूर्वी मुकुंद कॉलेजात असताना बापाचा न लागलेला सिनेमा एडिटिंगच्या खोलीतून पेनड्राइव्हवर घेऊन गेला. हॉस्टेलच्या मित्रांपुढे मिरवायला, बाकी काही नाही. मित्रांना मित्र असतात. सिनेमा लागायच्या आधीच साऱ्या राज्याने फुकट बघितला आणि लागल्यावर थिएटरात कुत्रंही फिरकलं नाही. मुकुंद माफी मागायला घरी आला, तेव्हा सर्वोत्तमराव आतून कडीवर हात ठेवून उभे राहिले. पाठीमागे त्यांची बायको अंबुजा होती. "उघडा हो, पोरगं उन्हात उभं आहे," ती म्हणत होती. त्यांनी उघडलं नाही, तिला उघडू दिलं नाही. पोरगा निघून गेला. त्याच वर्षी अंबुजा गेली. मुकुंद थेट स्मशानात आला आणि तिथूनच परतला.

पडद्यावर शेकडो पात्रांना क्षमा मागायला लावणाऱ्या या माणसाला स्वतःला ती मागता येत नव्हती. म्हणून त्याने सिनेमा काढला. शेवटची चार मिनिटं नुसतं बंद दार, बाहेरून. मुकुंदने अंधारात त्या दारासमोर बसावं, त्याचं डोकं भडकावं, आणि त्याने येऊन तोंडावर शिव्या घालाव्यात. मग आपण म्हणू, चुकलो. एवढाच बेत होता. कोइंबतूरच्या थिएटराची तिकिटं पाठवली होती. उत्तर आलं होतं, "पाहतो." त्या एका शब्दावर सर्वोत्तमराव आठवडाभर जगत होते.

आणि आता मुरुगेसन सांगत होता की दार उघडतं.

तिसऱ्या प्रहरी ते वडपळणीच्या थिएटरवर गेले. बाहेर नायकाच्या चाळीस फुटी कटआउटशेजारी दुसरं कटआउट उभं राहत होतं. बाईचं. रंगारी शिडीवर होता आणि खालची गर्दी त्याला सूचना करत होती. एरवी अशा गर्दीत दोन माणसांचं एकमत होत नाही. आज सगळे एका सुरात ओरडत होते: "चमकी उजव्या नाकपुडीत! चामखीळ हनुवटीवर, अजून खाली! केस एवढे काळे नाहीत रे, कानाजवळ पिकलेत!" रंगाऱ्याला खरं तर सांगावं लागत नव्हतं. त्यालाही ती आठवतच होती. पहिल्या रांगेतली पोरं त्या अर्धवट बाईच्या पायांवर दुधाच्या पिशव्या रिकाम्या करत होती.

आत शेवट जवळ आला तसं सगळं थिएटर उभं राहिलं. कुणीतरी कापूर पेटवला. पडद्यावर दार आलं.

"ये अम्मा," एक जण पुटपुटला.

दार बंद होतं. एक मिनिट गेलं. लोक हात जोडून उभे होते. दुसरं मिनिट गेलं. "ये ना, ये," बायका म्हणत होत्या. दार बंदच होतं. मग अक्षरं वर सरकायला लागली आणि दिवे लागले.

पहिली खुर्ची बाल्कनीतून आली. "आईला कापलं!" कुणीतरी किंचाळलं. "निर्मात्याने कापलं!" "दुसऱ्या भागासाठी ठेवलंय!" मॅनेजरने स्वतःची कातडी वाचवायला मागच्या दाराजवळच्या सर्वोत्तमरावांकडे बोट दाखवलं. क्षणात ते भिंतीला लागले.

"आमची आई कुठे आहे?" शर्ट फाटलेल्या एका पोराने विचारलं.

"अरे मूर्खांनो, ती कधी नव्हतीच! मी काढला ना सिनेमा?"

"तुम्ही काढलात, सार. आम्ही पाहिलाय."

सर्वोत्तमरावांचं डोकं फुटायच्या बेतात होतं, आतून आणि बाहेरून. पण त्यांना एक सुचलं. "तिच्या पदराला कसला वास होता?"

"चिंच आणि रॉकेल," वीस जण एकदम म्हणाले.

"सिनेमाला वास येतो का रे?"

माणसं एकमेकांकडे बघायला लागली. मग मागून एक लठ्ठ गृहस्थ अगदी शांतपणे म्हणाले, "चांगल्या सिनेमाला येतो, सार."

आणि दुसरी खुर्ची आली.

घरी पोचायच्या आत निर्माता अळगप्पनचा फोन आला. तो तक्रार करेल असं वाटलं होतं; तो आनंदात होता.

"सर्वोत्तम, लोकांना आई पाहिजे. आपण आई देऊ. एक दिवसाचं शूटिंग. तुझं त्यात जातं काय?"

"सिनेमा जातो."

"कुठला सिनेमा? लोकांनी पाहिलाय तो, की तू काढलायस तो?"

"अळगप्पा, ते चोर आहेत! चोराने घरात घुसून भिंत पाडली, तर तू म्हणतोस खिडकी छान निघाली!"

"उजेड येतोय ना?" अळगप्पन म्हणाला. "मंगळवारी सगळीकडे आईवाली प्रत लागेल. तू काढ, नाहीतर मी कुणाकडून तरी काढून घेतो. कोर्टात जायचं तर सोमवारी जा. पण ती आई तुझ्या सिनेमातली नाही हे दाखवणार कसं? तिला ओळखत नाही असा न्यायाधीश आधी शोध."

शनिवारी सकाळी सर्वोत्तमराव डॉक्टर नाच्चियारच्या प्रयोगशाळेत थडकले. नाच्चियार त्यांच्या जुन्या कॅमेरामनची मुलगी. त्यांच्या खांद्यावर बसून शूटिंग बघितलेली, आता मेंदूच्या शास्त्रात मोठं नाव. कानटिकली ज्यांनी काढली त्या चमूत ती होती आणि ते सांगताना हल्ली तिची मान खाली जायची.

"तू घेतलीस?" त्यांनी दारातूनच विचारलं.

"संशोधनासाठी, मामा."

"आणि?"

"दोनदा घेतली," ती म्हणाली. डोळे सुजलेले होते.

मामा एवढं मराठीत बोलले की तिला एक अक्षर कळलं नाही, पण अर्थ कळला. तिने त्यांना बसवलं, ताक दिलं.

"मामा, आठवण म्हणजे बरणीतलं लोणचं नव्हे, की झाकण उघडलं आणि कालचीच फोड हातात आली. ती दर वेळी नव्याने लावलेला भात असते. तांदूळ जुने, पाणी आजचं. तुम्ही काही बघता तेव्हा मेंदूतल्या काही पेशी एका विशिष्ट क्रमाने पेटतात. दिवाळीतली माळ लागावी तशा. टिकली तो क्रम टिपते आणि दुसऱ्याच्या डोक्यात तशीच माळ लावते. आता गंमत अशी की डोळ्यांनी बघितलेलं आणि मनाने बघितलेलं, पेटताना जवळजवळ सारखंच पेटतं."

"गंमत म्हणू नकोस."

"बरं. सुडसुडवाले गाळणी लावतात. सिनेमा बघताना साक्षीला भूक लागते, बायको आठवते. ते फिकं असतं, गाळलं जातं. ठळक ते सिनेमा, फिकं ते साक्षीचं, एवढंच त्या गाळणीला कळतं. तुम्ही दाखवलंत बंद दार. काही हलत नाही, आवाज नाही, डोळ्यांना काम नाही. त्या रिकाम्या जागेत या माणसाला त्याची आई दिसली, आणि अशी ठसठशीत दिसली की गाळणीने दार गाळलं आणि आई ठेवली."

सर्वोत्तमरावांनी ताकाचा पेला ठेवला. "म्हणजे साडेतीन कोटी लोक एका माणसाच्या आईला रडताहेत."

"हो."

"तो माणूस मला पाहिजे."

"ते सोपं आहे," म्हणून तिने सकाळचा पेपर पुढे केला. परीक्षणकर्त्याने लिहिलं होतं: *पडद्याच्या उजव्या बाजूला अखेरपर्यंत ठाण मांडून असलेला तो खांब पितृसत्तेचं इतकं भेदक प्रतीक आहे, की दिग्दर्शकाच्या धाडसाला दाद द्यावी लागते.*

"मी कुठलाही खांब..."

"नाही घेतलात. साक्षी खांबाआड बसला होता. असा खांब मध्येच असलेलं थिएटर तुम्हाला आठवतं?"

सर्वोत्तमरावांना मदुरैचं एकच आठवलं. त्या खांबाबद्दल त्यांनी मालकाला तीस वर्षं शिव्या दिल्या होत्या. ते लगेच उठले.

"मामा, थांबा. मला दुसरीच एक गोष्ट सतावते आहे. आठवण बाहेर काढली की मऊ पडते. परत ठेवताना तिच्या जवळपास जे असेल ते तिला चिकटतं. उसनी आठवण वेगळ्या कप्प्यात राहील, असं आम्ही धरून चाललो होतो. पण ज्याच्याजवळ स्वतःची तशीच एखादी..."

"नाच्चियार, कोर्टात चालेल तेवढंच बोल," सर्वोत्तमराव म्हणाले आणि चपला घालायला लागले.

रविवारी नाच्चियारला घेऊन ते मदुरैला पोचले. खांबाआडची खुर्ची कुणाची हे थिएटरच्या दारातल्या पहिल्याच माणसाने सांगितलं. चोक्कलिंगम अण्णाची. निवृत्त बस कंडक्टर. चाळीस वर्षं प्रत्येक सिनेमाचा पहिला खेळ त्याच खुर्चीत बघितलेला माणूस, मागच्याच गल्लीत राहतो.

चोक्कलिंगम दारातच भेटला. झुपकेदार मिशा, खांद्यावर पंचा. सर्वोत्तमरावांना ओळखून त्याने आधी खुर्ची पुसली, मग गल्लीला हाक मारली, "अरे, डायरेक्टर आलेत आपल्याकडे!"

"तू चोर आहेस," सर्वोत्तमराव म्हणाले.

"हो, सार. कॉफी घेणार?"

असल्या माणसाशी भांडावं कसं, हे कुठल्याही शाळेत शिकवत नाहीत. सर्वोत्तमराव तरीही भांडले. पाव तास ते उभ्यानेच बोलले. चोरी, विश्वासघात, कलेचा खून, सगळं झालं. चोक्कलिंगम मान डोलवत ऐकत होता, एखादा चांगला संवाद ऐकावा तसा.

"सार, सुडसुडची पोरं आली," तो म्हणाला. "म्हणाली, अण्णे, तुमच्यासारखं रडत कुणी सिनेमा बघत नाही. चाळीस वर्षांत मला कुणी म्हणालं नव्हतं की हीपण एक कला आहे. मी टिकली लावून बसतो. मी नेतो काय? पडद्यावरचं पडद्यावरच राहतं."

"पडद्यावर? माझ्या सिनेमात तू तुझी आई घुसवलीस!"

चोक्कलिंगमची मान डोलायची थांबली. "ती पडद्यावर नव्हती, सार?"

त्यालाही माहीत नव्हतं. नाच्चियारने लॅपटॉप उघडून शेवटची चार मिनिटं त्याच्यासमोर लावली. त्याने दाराकडे पाहिलं. बघता बघता त्याचा चेहरा दारासारखाच झाला.

"खरंय," तो शेवटी म्हणाला. "आमचं असंच झालं होतं. मी भांडून मुंबईला पळालो. परत आलो तेव्हा दाराला कुलूप. शेजारी म्हणाले, महिना झाला तिला जाऊन. ती मला काही विचारायला उरलीच नव्हती, सार." त्याने पंच्याने नाक पुसलं. "पण शुक्रवारी विचारलं हो तिने."

"हे कोर्टात सांगशील?"

"तुम्ही म्हणता तर सांगतो. मी केलंय तर मीच सांगायला हवं." मग तो नाच्चियारकडे वळला. "डॉक्टरअम्मा, कोर्टात सांगितलं की ती जाईल का?"

नाच्चियारने लॅपटॉप मिटला.

"जाऊ दे गेली तर," सर्वोत्तमराव म्हणाले. तीन दिवसांत पहिल्यांदाच त्यांना जिंकल्यासारखं वाटत होतं. उद्या कोर्ट, मंगळवारी बंद दार जसंच्या तसं, आणि कोइंबतूरला बसलेल्या पोराला कळेल की बापाने खरं काय दाखवलं होतं.

"तूच का रे तो सिनेमावाला?"

शेजारच्या ओट्यावरून एक म्हातारी उठून आली. तिचं नाव पेच्चिअम्माळ. उंची साडेचार फूट, पण आवाज गल्लीच्या दोन्ही टोकांना पोचेल असा.

"माझा लेक तिरुप्पूरला असतो. चार वर्षं माझ्याशी भांडून बसलाय. या पोंगलला येणार होता, गाडीचं आरक्षणपण केलं होतं. काल फोन करून म्हणतो, 'अम्मा, मन भरलं, आता पुढच्या वर्षी बघू.' मन कशाने भरलं रे त्याचं? मी अजून चूलसुद्धा पेटवली नाही!"

"आजी, यात माझा काही..."

"त्या समोरच्या वळ्ळीचा लेकपण येत नाही. कोपऱ्यावरच्या शिंप्याची लेक येत नाही. सणाच्या गाड्या रिकाम्या येताहेत, जाऊन बघ स्टँडवर! सगळ्यांना कुणीतरी आई भेटली म्हणे. कोण ती सटवी? आम्ही इथे बसलोय की, जित्याजागत्या!"

चोक्कलिंगम पंचा तोंडावर घेऊन भिंतीकडे वळला.

सर्वोत्तमरावांना नाच्चियारचं अर्धं राहिलेलं वाक्य आठवलं. त्यांनी तिच्याकडे पाहिलं, आणि तिने नजर चुकवली तेव्हा त्यांना ते पूर्ण करून घ्यायची गरज उरली नाही. त्यांनी खिशातून फोन काढला. अकरा वर्षं जो नंबर लावला नव्हता तो लावला.

"अप्पा!" मुकुंदचा आवाज आला. मोकळा, हसरा, काल रात्रीच बोलणं झालं असावं तसा. "बोला ना. तब्येत बरी?"

सर्वोत्तमराव शिव्यांना तयार होते, गप्प राहण्याला तयार होते, फोन आपटण्याला तर फारच तयार होते. याला नव्हते.

"सिनेमा पाहिलास?"

"शुक्रवारीच. कारखान्यात जेवणाच्या सुट्टीत. सगळे रडलो हो आम्ही, फोरमनसुद्धा."

"मी तिकिटं पाठवली होती, मुकुंदा."

"अडीच तास कुणाला आहेत, अप्पा?"

"बरं. ऐक." त्यांनी भिंतीला हात टेकला. "त्या दिवशी तू दारात उभा होतास..."

"ते होय? सोडा की आता. मिटलं ना ते तेव्हाच."

"कधी मिटलं?"

"तेव्हाच. तुम्ही रागात होता, मान्य. पण आईने उघडलं की दार. पदराला हात पुसत आली, जेवलास का म्हणाली. मी स्वयंपाकघरात बसून जेवलो, मग गेलो. तुम्ही बाहेरच्या खोलीत फुरंगटून बसला होता." तो हसला. "आठवलं की अजून बरं वाटतं."

गल्लीत ऊन होतं. चोक्कलिंगम, नाच्चियार, पेच्चिअम्माळ, सगळे सर्वोत्तमरावांकडे बघत होते.

"नाही उघडलं!" सर्वोत्तमराव ओरडले. "तिने नाही उघडलं! मी कडीवर हात ठेवून उभा होतो. ती मागे रडत होती, हात जोडत होती, मी तिला उघडू दिलं नाही! ऐकतोस का? मी! त्यानंतर ती तुला कधी भेटली नाही, आणि ते माझ्यामुळे! शिवी घाल मला!"

मग मुकुंद बोलला, हळू, समजुतीच्या सुरात. विसराळू म्हाताऱ्यांशी बोलतात त्या सुरात.

"अप्पा, गोळ्या वेळेवर घेता ना?"

"मला स्वच्छ आठवतंय, मुकुंदा!"

"मलापण स्वच्छ आठवतंय. एकटं राहिलं की माणूस उगाच स्वतःला बोल लावत बसतो. असं नाही झालेलं, अप्पा. खरंच नाही."

त्या दारापाशी तीन माणसं होती. एक गेली होती. दुसऱ्याने तिच्या हातचं जेवल्याचं आताच सांगितलं होतं. तिसऱ्याचं कुणी ऐकावं, असं त्याच्यापाशी काहीही नव्हतं. उद्या कोर्टात तो जिंकला, तर एवढंच होणार होतं की मुकुंदची आई त्याच्यासमोर दार उघडायची पुन्हा एकदा राहून जाणार होती.

"पोंगलला ये," सर्वोत्तमराव कसेबसे म्हणाले. "ये आणि भांड माझ्याशी."

"भांडायचं कशावर? पुढच्या वर्षी येतो की निवांत. तुम्ही ती साक्षीप्रत घेतलीच नसेल ना अजून? तरीच. थांबा, मी पाठवतो. दीड मिनिटाचं काम आहे, अप्पा. तुम्हालाही हलकं वाटेल." आणि कुणीतरी मशीन सुरू केल्याचा आवाज आला, त्याने "ठेवतो हं" म्हटलं, फोन बंद झाला.

सर्वोत्तमरावांनी फोन कानालाच धरून ठेवला. हातात तो थरथरला, साक्षीप्रत येऊन पडली होती. ते त्याच्याकडे न बघता, बंद फोनमध्ये, अख्ख्या गल्लीला ऐकू जाईल अशा आवाजात ओरडले, "मी चुकलो! मुकुंदा, माझं चुकलं!"

पेच्चिअम्माळने इकडेतिकडे पाहिलं.

"अरे," ती म्हणाली, "पण सांगतोस कुणाला?"